निवृत्तीनंतरचा पैसा – लेखांक ४ : उपदान रखडले, तर व्याज मागा

मागच्या लेखात निवृत्तिवेतनाचा हिशेब पाहिला. आता प्रश्न तो पैसा हाती पडण्याचा.

बीड जिल्ह्यात आष्टी, पाटोदा किंवा शिरूर कासारकडच्या जिल्हा परिषद शाळेतले गुरुजी वयाच्या ५८ व्या वर्षी निवृत्त होतात. आईवडील ऊसतोडीला गेल्यावर मागे राहिलेल्या लेकरांना शाळेत टिकवून धरण्यात यांतल्या अनेकांची उमेद खर्ची पडलेली असते. त्यांचा प्रस्ताव शाळेतून पंचायत समितीत गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे, तिथून बीडला शिक्षण विभागात आणि पुढे वित्त विभागात जातो. (खासगी अनुदानित शाळांतल्या शिक्षकांचा नागपूरला महालेखापालांकडे.) टेबलागणिक सेवापुस्तक नव्याने उघडते. जुन्या बदलीची नोंद नाही, एका वेतनवाढीवर सही नाही, वेतनपडताळणी राहिली आहे, ना-देय प्रमाणपत्र जोडलेले नाही. एक त्रुटी निघाली की फाइल खाली येते. ती दुरुस्त करून पाठवली की दुसरी निघते. सेवापुस्तक सांभाळायचे काम कार्यालयाचे, आणि त्यातल्या रिकाम्या रकान्यांसाठी हेलपाटे घालायचे मात्र गुरुजींनी, हा उघड अन्याय आहे. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ सांगतात की ही तयारी निवृत्तीच्या दोन वर्षे आधी सुरू झाली पाहिजे.

त्रुटी संपल्या, आदेश निघाला, तरी ‘अनुदान आलेले नाही’ हे उत्तर मिळू शकते. उपदान (ग्रॅच्युइटी) आणि अंशराशीकरण (निवृत्तिवेतनाच्या काही भागाऐवजी मिळणारी एकरकमी रक्कम) यांचा पैसा जिल्हा परिषदेला राज्य सरकारकडून येतो. तो अपुरा आला की यादी लागते आणि माणसे ताटकळतात. मुलीचे लग्न, घराचे कर्ज, एखादी शस्त्रक्रिया या यादीसाठी थांबत नाही.

म्हणून नियम १२९-अ प्रत्येकाने वाचावा. प्रशासकीय दिरंगाईमुळे उपदान तीन महिन्यांहून अधिक रखडले, तर त्यापुढच्या काळासाठी भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज द्यावे लागते. निवृत्तिवेतनासाठी १२९-ब आहे. तिथे मुदत सहा महिन्यांची. आकड्यात पाहू. मूळ वेतन ८०,००० रुपये आणि सेवा ३३ वर्षे. महागाई भत्ता बाजूला ठेवला, तरी साडेसोळा पटीने उपदान होते १३,२०,००० रुपये. ते वर्षभर उशिरा मिळाले, तर पहिले तीन महिने वगळून नऊ महिन्यांचे व्याज ७.१ टक्के दराने सुमारे ७० हजार रुपये होते. एवढी रक्कम केवळ मागितली नाही म्हणून सोडून द्यायची?

कर्मचाऱ्याने स्वतःच कागद दिले नसतील, तर व्याज मिळत नाही. त्यामुळे दिलेल्या प्रत्येक कागदाची पोच घ्या. आवक क्रमांक आणि तारीख असलेली ती प्रत हाच पुढे तुमचा पुरावा. अर्जात निवृत्तीचा दिनांक, प्रस्ताव दिल्याचा दिनांक आणि रक्कम जमा झाल्याचा दिनांक एकाखाली एक लिहा, नियमाचा क्रमांक घाला. प्रकरण लांबणार असे दिसले, तर नियम १२६ प्रमाणे तात्पुरते निवृत्तिवेतन मागा. घर चालवायला ते आधी लागते.

न्यायालयाचे म्हणणे तर केव्हाच स्पष्ट झाले आहे. केरळमधले पद्मनाभन नायर मे १९७३ मध्ये निवृत्त झाले. अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेवर न गेल्याने त्यांचे पैसे ऑगस्ट १९७५ मध्ये मिळाले. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर १९८४ मध्ये त्यांचे व्याज कायम केले आणि निवृत्तिवेतन व उपदान ही सरकारची मेहरबानी नसून कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे, असे बजावले. बीडच्या माणसाला यासाठी उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात जाता येते. पण आधी लेखी मागणी, मग स्मरणपत्र, पेन्शन अदालत असेल तर तिथे अर्ज. हे सारे हाती असले की वकिलाचे कामही सोपे होते.

पुढच्या लेखात निवृत्तीच्या तोंडावर निघणारी ‘जादा वेतनाची’ वसुली आणि तिला अटकाव करणारा २०१४ चा रफिक मसीह निकाल.