चंपीचे ऑपरेशन आणि विमा

आमच्या म्हशीचा विमा आहे. कानातला बिल्ला ही त्याची खूण. म्हणून चंपी कुत्री तिसऱ्यांदा व्याली तेव्हा आईने विचारले, "तू कॉलेजात शिकतोस, हिच्या ऑपरेशनला विमा मिळेल का रे?"

उत्तर बहुधा नकारार्थीच आहे. विमा अनिश्चित संकटाचा असतो. नसबंदी आपण ठरवून करतो. अमेरिकेत जादा हप्ता भरून प्रतिबंधक उपचारांची जोड घेतली, तर थोडा खर्च मिळू शकतो. गंमत अशी, की नसबंदीअभावी गर्भाशयात पू झाला, तर तो आजार ठरतो आणि अनेक पॉलिसींत त्याचा खर्च मिळतो! भटक्या कुत्र्यांची नसबंदी मात्र २०२३ च्या नियमांप्रमाणे स्थानिक संस्थांची जबाबदारी आहे.

सारे ऐकून आईने दुधाच्या पैशांतले पन्नास रुपये डब्यात वेगळे ठेवले. चंपीचा विमा तोच.