वाघीण मेल्यावर याचिकेचं काय उरतं?

 याचिकेत अंतरिम स्थगिती मिळाली नाही आणि मधल्या काळात प्रशासनानं काम उरकलं, की ‘आता याचिका निष्फळ झाली’ हे सरकारी वकिलांचं ठरलेलं वाक्य येतं. ते दर वेळी चुकीचं नसतं. शासनानं वादातला आदेश स्वतःहून मागं घेतला, तर भांडायला काही राहत नाही. पण जे थांबवायचं होतं तेच करून टाकून विषय संपल्याचं सांगणं ही निराळी गोष्ट झाली. तिथं निष्फळ होते ती एक मागणी. अख्खी याचिका नव्हे.

यवतमाळ जिल्ह्यातली टी-1, म्हणजे अवनी वाघीण, हे याचं जवळचं उदाहरण. पांढरकवडा-राळेगाव भागातल्या 13 माणसांच्या मृत्यूंचा ठपका तिच्यावर होता. वन्यजीव संरक्षण कायद्याच्या कलम 11 नुसार, प्राणी पकडणं, बेशुद्ध करणं किंवा हलवणं शक्य नाही अशी मुख्य वन्यजीव रक्षकांची खात्री पटल्याशिवाय त्याला ठार करण्याचा आदेश देता येत नाही. सप्टेंबर 2018 च्या आदेशातही आधी बेशुद्ध करा, नाहीच जमलं तर गोळी, असा क्रम होता. नागपूर खंडपीठानं आणि 11 सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयानं त्यात हात घालायला नकार दिला. मात्र मारणाऱ्याला बक्षीस देऊ नका, असं बजावलं. 2 नोव्हेंबरच्या रात्री बोराटीजवळ ती मारली गेली. ‘तिला वाचवा’ ही मागणी तिथंच संपली. ठरलेला क्रम पाळला का, हा प्रश्न उरलाच. व्याघ्र संवर्धन प्राधिकरणाच्या समितीनं मोहिमेतल्या नियमभंगावर बोट ठेवलं. बक्षिसाच्या अटीवरून तर 2021 मध्ये अवमान याचिका झाली. गावकऱ्यांनी सोहळा करून मारणाऱ्याला वाघिणीची चांदीची मूर्ती भेट दिली, असा आरोप होता. न्यायालयानं जुना निर्णय उकरायला नकार दिला आणि याचिका मागं घेतली गेली. ती टिकली नाही, पण वाघीण मेली म्हणून ती दारातूनच परत गेली नाही.

यावर आक्षेप असा, की खटल्यांचा ढीग पडलेला असताना कोर्टानं मेलेले प्रश्न कशाला चघळावेत? नोटबंदीच्या याचिकांतही सरकारनं हेच म्हटलं होतं. घटनापीठानं तरीही ऐकलं आणि 2 जानेवारी 2023 रोजी 4 विरुद्ध 1 असा निकाल सरकारच्याच बाजूनं दिला. दुसरा आक्षेप जास्त वजनाचा आहे: शेतात जायला माणसं घाबरत असताना प्रशासनानं तारखांची वाट पाहायची का? मुळीच नाही. पण हे स्थगिती नाकारण्याचं कारण झालं, नंतर तपासणी टाळण्याचं नव्हे. मुंबईतल्या आरेत मेट्रो कारशेडसाठीच्या वृक्षतोडीविरुद्धच्या याचिका 4 ऑक्टोबर 2019 ला उच्च न्यायालयानं फेटाळल्या आणि त्याच रात्री करवती चालल्या. 7 तारखेला सर्वोच्च न्यायालयानं तोड थांबवली, तेव्हा हवी तेवढी झाडं पाडून झाल्याचं राज्य सरकारनं सांगितलं. म्हणून याचिकेच्या प्रार्थना-कलमात, म्हणजे मागण्यांच्या भागात, नुसतं ‘थांबवा’ लिहून भागत नाही. कृती बेकायदा ठरवा, जबाबदारी निश्चित करा, भरपाई द्या, या मागण्या पहिल्याच दिवशी जोडाव्यात, आणि नवा आदेश निघाला की दुरुस्तीचा अर्ज देऊन त्यालाही आव्हान द्यावं.