दाभोसाचा धबधबा आणि वारल्यांची भिंत
जव्हारची एक दिवसाची सहल

आपल्या वस्तीतल्या सहलीची ठिकाणे ठरलेली असतात. सहा डिसेंबरला चैत्यभूमी, धम्मचक्र प्रवर्तन दिनाला नागपूर, मार्चमध्ये महाड, अधूनमधून कार्ल्याची नाहीतर कान्हेरीची लेणी. ती आपली ठिकाणे आहेत, तिथे जायलाच हवे. पण नुसते डोंगर आणि पाणी पाहायला मुलाबाळांना घेऊन कुठे जायचे असा विषय निघाला, की गाडी कुठल्यातरी वॉटर पार्ककडे वळते. तिकिटालाच माणशी हजाराच्या वर जातात, आणि घरी येताना मुलांच्या डोक्यात क्लोरीनच्या वासाशिवाय काही उरत नाही.

म्हणून आमच्या मंडळाने यंदा वेगळा बेत केला. सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारी पहाटे साडेपाचला विक्रोळीहून बस सोडली, माणसे ४२. जायचे ठिकाण पालघर जिल्ह्यातले जव्हार. वाट दाखवायला शहरातला टूरवाला घेतला नाही. तिथल्याच पाड्यावरचा एक वारली तरुण, कला शाखेचा पदवीधर, आसपासच्या चार पोरांना घेऊन हे काम करतो, त्याच्याशी आधी फोनवर बोलणे केले होते. मी बी.कॉम. झालेला कारकून, हिशेब सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. बसभाडे १५,००० रुपये, दुपारचे जेवण ताटाला १५० प्रमाणे ६,३००, वाटाड्याचा दिवसाचा मेहनताना १,५००. एकूण २२,८००, म्हणजे माणशी ५४३ रुपये. नाश्त्याचे पोहे आणि चहा प्रत्येकाने घरून आणला.

भिवंडीनंतर वाडा, विक्रमगड आणि मग घाट. रस्त्यातल्या खड्ड्यांबद्दल न बोललेले बरे! पण विक्रमगड सोडले आणि बसमधला गोंगाट आपोआप थांबला. खाचरात भात निसवलेला, उतारावर नागली आणि वरई, आणि मधूनमधून खुरासणीचे पिवळेधमक पट्टे. जव्हार समुद्रसपाटीपासून साधारण दीड हजार फूट उंचीवर आहे. हे एकेकाळचे संस्थान, आणि राजेही आदिवासीच, महादेव कोळी समाजाचे मुकणे घराणे. १९४८ साली ते संस्थान विलीन झाले. जयविलास राजवाडा आम्ही बाहेरून पाहिला, मुलांनी फोटो काढले. त्याबद्दल मला फारसे सांगायचे नाही. दगडी राजवाडे आपण पुष्कळ पाहिले आहेत.

आमचा वाटाड्या जव्हारच्या एस.टी. स्टँडवर उभा होता. बसमध्ये चढताच त्याने मला ‘साहेब’ म्हटले. मी म्हटले, "साहेब आमच्या कचेरीत बसतात, मी भाऊ." त्यावर तो हसला आणि दिवसभर आमचा ‘दादा’ झाला. पहिली गोष्ट त्याने सांगितली ती धबधब्याची नव्हे, नियमाची. "पाण्यात कोणी उतरायचं नाही. घरांचे फोटो काढा, पण माणसाला विचारून. आणि बाटल्या परत न्यायच्या." आमच्यातल्या दोन तरुणांची तोंडे लगेच उतरली, कारण ते चड्ड्या-टॉवेल घेऊनच आले होते.

दाभोसा जव्हारपासून वीसेक किलोमीटरवर. लेंडी नदी इथे काळ्या कातळाच्या कड्यावरून सुमारे तीनशे फूट खाली कोसळते. गावातून पायवाटेने उतरायला लागलो तेव्हा आधी नुसता आवाज आला. मग झाडांच्या फटीतून पांढरी रेघ दिसली आणि शेवटच्या वळणावर सगळे पाणी एकदम समोर! आमच्यासोबत एक साठीच्या आजी होत्या, आयुष्यभर महापालिकेत झाडूकाम करून निवृत्त झालेल्या. त्या एका दगडावर बसल्या आणि अर्धा तास उठल्याच नाहीत. नातवाने हाक मारली तर म्हणाल्या, "तू जा रे, मला बघू दे."

खालचा डोह वरून शांत दिसतो. पण पाण्याखाली कातळाचे कोनाडे आहेत, वरून पडणारे पाणी माणसाला आत ओढते. दादा म्हणाला, "आमची पोरं पण सप्टेंबरात इथं उतरत नाहीत." जुलै २०२० मध्ये याच तालुक्यातल्या काळमांडवी धबधब्यावर पाच तरुण बुडून मेले. ऐन पावसात प्रशासन धबधब्यांवर जायला बंदी घालते. तेव्हा निघण्याआधी तहसील कचेरीत विचारावे आणि जोर ओसरल्यावरच जावे. आमच्या टॉवेलवाल्या तरुणांना हे ऐकवल्यावर त्यांनी काठावरच पाय धुतले.

वर चढताना दादाची खरी करामत दिसली. आम्हाला जे नुसते रान दिसत होते ते त्याला किराणा दुकानासारखे वाचता येत होते. ही कारवी, हिच्या काठ्यांचा कूड करून वर शेणमाती लिंपली की घराची भिंत होते. हा मोह, फुले खातात आणि बियांचे तेल काढतात. हा ऐन, हा साग. पहिल्या पावसात शेवळे येते, पण त्यात काकडाची फळे घातली नाहीत तर घसा खाजतो. आमच्या बायका इथे पुढे सरसावल्या. टाकळा, कुर्डू, भारंगी ही नावे त्यांना गावाकडून ठाऊक होती. आमच्याकडे ही भाजी अशी करतात, तुमच्याकडे कशी, अशी देवाणघेवाण चढाच्या अर्ध्या वाटेवर सुरू झाली. दम लागला हे कोणी कबूल केले नाही.

जेवण पाड्यावर, दादाच्या घरी. नागलीची भाकरी, उडदाची आमटी, भात, रानभाजी आणि लसूण-मिरचीचा ठेचा. पंगत ओटीवर आणि अंगणात. आमच्या वयाच्या माणसांना पंगतीत कोण कुठे बसतो आणि पाणी कोणाला वरून वाढतात याची एक जुनी आठवण अंगात असते. इथे दादाच्या आईने प्रत्येकाला तांब्या हातात दिला. एवढेच लिहितो.

भिंतीवरचा लग्नाचा चौक

जेवणानंतर दादाच्या आजीने भिंत दाखवली. वारली चित्रे आपण साड्यांवर, कपांवर, रेल्वे स्टेशनच्या भिंतीवरही पाहतो. पण ही चित्रे मुळात लग्नाची. गेरूने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाच्या पांढऱ्या रंगाने सुवासिनी चौक काढतात. चौकात पालघाट देवी असते, ती सुफलतेची देवी. बांबूची काडी ठेचून तिचा ब्रश करायचा. दोन त्रिकोण टोकाला टोक लावून जोडले की माणसाचे अंग झाले. चौक लिहिल्याशिवाय लग्न लागत नाही. ‘लिहिल्याशिवाय’ हा त्यांचाच शब्द. ते चित्र काढत नाहीत, लिहितात.

आणि भगिनींनो, पुढचे ऐका. हे लग्न लावते कोण? धवलेरी. म्हणजे एक बाई! ती गाणी म्हणते आणि विधी करते. हे ऐकल्यावर आमच्या महिला मंडळात जी कुजबुज झाली ती मला पुरुषांच्या बाजूलाही ऐकू आली. भटजीशिवाय लग्न लावायला आपल्या लोकांना केवढा झगडा करावा लागला, आणि इथे डोंगरात बाई लग्न लावते आहे हे आपल्याला साठ-सत्तर मैलांवर राहून माहीत नव्हते.

१९७० च्या दशकात भास्कर कुलकर्णी या चित्रकाराने ही कला शहरापुढे आणली. बायकांच्या हातातली ही कला मग कागदावर आली आणि पुरुषही ती काढू लागले. डहाणू तालुक्यातल्या गंजाडचे जिव्या सोमा म्हसे त्यात सर्वांत पुढे गेले. लग्नाच्या चौकाबाहेर पडून त्यांनी मासेमारीचे जाळे, मुंग्यांचे वारूळ, आगगाडी असे सगळे चित्रांत आणले. २०११ साली त्यांना पद्मश्री मिळाली, २०१८ साली ते गेले.

दादाचा धाकटा भाऊ कापडावर चित्रे काढतो. हातभर रुंदीच्या चित्राची किंमत सातशे रुपये सांगितली. आमच्यातल्या एका गृहस्थांनी सवयीने चारशेला मागितले. त्यावर झाडूकाम केलेल्या त्याच आजी म्हणाल्या, "पोराला किती दिवस लागले ते आधी विचार." दोन दिवस. "मग तुझी दोन दिवसांची हजेरी किती?" गृहस्थ कारखान्यात फिटर आहेत. त्यांनी मुकाट्याने सातशे मोजले आणि वर चित्र बसमध्ये मांडीवर धरून आणले.

तारप्याचे वेगळे झाले. तारपा म्हणजे वाळलेल्या भोपळ्याचे आणि बांबूचे लांबलचक फुंकवाद्य. त्याच्याभोवती हातात हात गुंफून बायका-पुरुष नाचतात, चित्रांत जो गोलगोल नागमोडी फेर दिसतो तो हाच. दादाच्या घरी तो खुंटीला टांगलेला होता. त्याच वेळी मुंबईहून दोन मोटारी भरून दुसरी मंडळी आली, त्यांनी वाजवायला सांगितले. दादाचे आजोबा म्हणाले, आमच्या पाड्यावर नवा भात घरात आल्यावर वाजवतात. त्या लोकांनी पैशांची नोट काढली. म्हाताऱ्याने नोटेकडे पाहिलेही नाही. मोटारी धुरळा उडवत निघून गेल्या. आमच्या मुलांचाही विरस झाला हे खरे. पण दुसऱ्याच्या घरी पाहुणा म्हणून गेल्यावर त्यांचा सण आपल्या रविवारी व्हावा असे म्हणणारे आपण कोण?

लग्नासाठी गहाण पडलेली माणसे

लग्नाची गोष्ट निघाली तसे आजोबांनी आपल्या आजोबांचे सांगितले. ते लग्नगडी होते. लग्नात मुलीच्या बापाला देज द्यायचे, त्यासाठी सावकाराकडून कर्ज काढायचे, आणि मग नवरा-बायको दोघांनी त्या सावकाराकडे राबायचे. कर्ज फिटत नसे, कारण हिशेब सावकाराच्याच वहीत. शिवाय जमीनदार आणि जंगलचे ठेकेदार यांची फुकट वेठ वेगळीच.

ही वेठ कायद्याच्या कागदाने आपोआप गेली नाही. जानेवारी १९४५ मध्ये टिटवाळ्याला किसान सभेचे अधिवेशन झाले, तिथे काही वारली गेले होते. त्यानंतर उंबरगाव-डहाणू भागात वारल्यांनी वेठ बंद केली. १० ऑक्टोबर १९४५ रोजी तलवाड्याला, म्हणजे आजच्या विक्रमगड तालुक्यात, जमलेल्या आदिवासींवर पोलिसांनी गोळीबार केला, त्यात जेठ्या गांगड आणि इतर हुतात्मा झाले. या लढ्याच्या नेत्या गोदावरी परुळेकर. ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे त्यांचे पुस्तक १९७० साली निघाले, त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यांचे पती श्यामराव परुळेकर लढ्यात बरोबर होते. वाचकहो, हेच श्यामराव त्याआधी बाबासाहेबांच्या स्वतंत्र मजूर पक्षाचे मुंबई विधानसभेतले आमदार होते आणि कोकणातल्या खोतीविरुद्धच्या लढ्यात त्यांच्याबरोबर होते. मी हे सांगितले तेव्हा आजोबांनी माझा हात धरला आणि बराच वेळ सोडला नाही.

निघायच्या आधी आमच्या एका सातवीतल्या मुलीने दादाला विचारले, "तुमच्याकडे एवढं पाणी, मज्जाय ना?" दादा म्हणाला, "मे महिन्यात ये, मग सांग." इथे वर्षाला अडीच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. पण खाली कातळ, वर मातीचा पातळ थर, उतार तीव्र. पडलेले पाणी थांबत नाही. फेब्रुवारी-मार्चपासून विहिरी तळ गाठतात आणि बायका हंडे घेऊन दरीत उतरतात. शेजारच्या मोखाडा तालुक्यात वैतरणेवर शंभर मीटरहून उंच मध्य वैतरणा धरण उभे आहे. मुंबईला पाणी देणाऱ्या सात जलाशयांपैकी ते एक. त्याच मोखाड्यात उन्हाळ्यात पाड्यांवर टँकर येतात. आमच्या विक्रोळीच्या चाळीत पाणी पंधरा मिनिटे उशिरा आले तर वॉर्ड ऑफिसवर मोर्चा निघतो.

दिवाळीनंतर निम्मा पाडा बाहेर पडतो. कोणी भिवंडीच्या वीटभट्टीवर, कोणी वसईच्या बांधकामावर. पोरांची शाळा तिथेच तुटते. याच जव्हार तालुक्यात १९९२-९३ साली वावर-वांगणीला कुपोषणाने अनेक बालके दगावली आणि सगळ्या देशाचे लक्ष इकडे वळले होते. दादाला वाटाड्याचे काम का करावेसे वाटले याचे उत्तर यात आहे. महिन्यात चार गट आले तर त्याच्या भावाला वीटभट्टीवर जावे लागत नाही.

संध्याकाळी हनुमान पॉइंटवर थोडा वेळ थांबून परतलो. रात्री साडेदहाला विक्रोळी. सातवीतल्या त्या मुलीने परतीच्या वाटेवर, बस विक्रमगडलाही पोहोचली नव्हती, तेव्हाच मंडळाच्या वहीत मे महिन्याच्या दुसऱ्या रविवारी पुन्हा जव्हार अशी नोंद करून ठेवली आहे. दादाने सांगितले आहे की येताना खाऊ आणू नका, पाड्यावरच्या विहिरीतला गाळ काढायला फावडी-घमेली आणा. आतापर्यंत एकोणीस नावे आली आहेत. त्यात त्या आजींचेही नाव आहे.