‘म्हैस भुर्र!’ आणि मेंदूचा ब्रेक

‘चिमणी भुर्र, कावळा भुर्र’ हा खेळ तुम्ही लहानपणी खेळला असालच. सर्वांनी गोल बसायचे आणि जमिनीवर बोट टेकवायचे. राज्य घेणारा ‘चिमणी भुर्र’ म्हणाला की बोट वर. ‘पोपट भुर्र’, पुन्हा बोट वर. मध्येच तो झटकन म्हणतो, ‘म्हैस भुर्र!’ म्हैस उडत नाही हे सर्वांना ठाऊक असते. तरीही दोघातिघांची बोटे वर जातातच आणि हशा पिकतो.

हसून झाल्यावर स्वतःला एक प्रश्न विचारा. बोट वर का गेले? ज्ञान कमी पडले म्हणून नव्हे. बोट उचलण्याची क्रिया अंगवळणी पडली होती. ती थांबवण्याचा हुकूम मेंदूतून निघाला, पण पोचायला क्षणभर उशीर झाला. मानसशास्त्राच्या प्रयोगशाळेत जवळजवळ हाच खेळ गंभीरपणे खेळतात. पडद्यावर एक खूण दिसली तर बटण दाबायचे, दुसरी दिसली तर हात आवरायचा. या चाचणीला ‘गो–नो-गो’ म्हणतात. तिच्यात आपण काय करू शकतो यापेक्षा काय न करता थांबू शकतो, हे मोजले जाते.

परत न येणारी मान

आता महाड औद्योगिक वसाहतीजवळच्या एखाद्या शाळेतील सातवीचा वर्ग डोळ्यांसमोर आणा. गणिताचा तास चालू आहे. बाहेरच्या रस्त्यावरून एक टँकर हॉर्न वाजवीत जातो. चाळीस माना खिडकीकडे वळतात आणि लगेच फळ्याकडे परत येतात. एक मान मात्र परत येत नाही. टँकर गेला, मग कावळा आला, मग पुढच्या मुलाच्या दप्तराचा बंद दिसला. बाईंचा प्रश्न पुरा होण्याआधीच हा मुलगा उत्तर ओरडतो. उत्तर कधी बरोबर असते, कधी भलत्याच प्रश्नाचे असते. वही घरी राहते, डबा शाळेत राहतो. रांगेत त्याला उभे राहवत नाही.

अशा मुलाला आपल्याकडे नावे ठेवायला शब्द कमी नाहीत. द्वाड, उनाड, वेंधळा, वाह्यात. घरी मार, शाळेत शिक्षा आणि मित्रांत भांडणे, असा त्याचा दिवस जातो. काही मुले खरोखरच केवळ खोडकर असतात आणि वयाबरोबर निवळतात. परंतु काहींच्या बाबतीत ही अडचण मेंदूच्या वाढीशी निगडित असते. तिला ‘अवधान-न्यूनता व अतिचंचलता विकार’ म्हणतात. इंग्रजी आद्याक्षरांवरून डॉक्टर तिला ‘एडीएचडी’ म्हणतात.

वाईट वळण की विकार?

१९०२ साली लंडनच्या रॉयल कॉलेज ऑफ फिजिशियन्समध्ये जॉर्ज स्टिल या बालरोगतज्ज्ञाने तीन व्याख्याने दिली. बुद्धीने चांगली, पण स्वतःला आवरू न शकणारी मुले त्याने पाहिली होती. त्यांच्यात ‘नैतिक संयमाची उणीव’ आहे, असे तो म्हणाला. हे शब्द आज आपण वापरणार नाही. मात्र दोष बुद्धीचा नाही आणि केवळ संगोपनाचाही नाही, हे त्याने ओळखले होते. पुढे अमेरिकी मनोविकारतज्ज्ञांच्या नामावलीत १९६८ साली या स्थितीला अतिचंचलतेवरून नाव मिळाले, १९८० साली अवधानाच्या उणिवेवर भर आला आणि १९८७ साली आजचे जोडनाव रूढ झाले.

जगभरातील अभ्यासांचा एक मोठा आढावा २००७ साली प्रसिद्ध झाला. त्यानुसार हा विकार शंभरांतील सुमारे पाच मुलांत आढळतो. म्हणजे चाळीसांच्या वर्गात सरासरी दोघे. मुलग्यांत त्याचे निदान अधिक होते. मुलींमध्ये पुष्कळदा धावपळ दिसत नाही, केवळ लक्ष हरवते. अशी मुलगी कोणाला त्रास देत नाही, त्यामुळे तिच्याकडे कोणाचे लक्षही जात नाही.

घाट आणि ब्रेक

पोलादपूरहून महाबळेश्वरकडे जाणारा आंबेनळी घाट तुमच्यापैकी काहींनी पाहिला असेल. त्या वळणांवर गाडीचे इंजिन कितीही दमदार असो, भिस्त ब्रेकवरच असते. आपल्या मेंदूतही अशी व्यवस्था आहे. कपाळामागील भाग, म्हणजे ललाटखंडाचा पुढचा हिस्सा, योजना आखतो, लक्ष एका जागी धरून ठेवतो आणि उठलेल्या ऊर्मीला आवर घालतो. मेंदूच्या भागांपैकी परिपक्व होण्यास सर्वांत अधिक वेळ घेणाऱ्यांत तो मोडतो. त्याची वाढ विशीच्या पुढेही चालू राहते.

अमेरिकेतील राष्ट्रीय मानसिक आरोग्य संस्थेच्या शास्त्रज्ञांनी २००७ साली या वाढीचे मोजमाप प्रसिद्ध केले. विकार असलेली २२३ आणि नसलेली २२३ मुले त्यांनी तपासली. मेंदूच्या बाह्यस्तराची जाडी वाढत जाऊन एका वयात कमाल होते. विकार नसलेल्या मुलांत बाह्यस्तराच्या निम्म्या भागाने ही कमाल साडेसातव्या वर्षापर्यंत गाठली होती. विकार असलेल्यांना त्यासाठी साडेदहा वर्षे लागली. वाढीचा क्रम दोन्हीकडे सारखाच होता, फक्त उशीर झाला होता. हा उशीर ललाटखंडाच्या पुढच्या भागात सर्वांत ठळक होता.

मेंदूतील चेतापेशी एकमेकींना रासायनिक निरोप पाठवतात. डोपामीन आणि नॉरॲड्रेनलीन ही त्यांपैकी दोन रसायने. अवधान टिकवण्यात त्यांचा मोठा वाटा असतो आणि या विकारात त्यांच्या कामात फरक आढळतो. जुळ्या मुलांच्या अभ्यासांवरून असे दिसते की, मुलामुलांतील या बाबतीतल्या फरकांपैकी सुमारे तीन चतुर्थांश भाग आनुवंशिकतेशी जोडलेला आहे.

निदान करताना सावधगिरी

मग प्रत्येक चुळबुळ्या मुलाला हा विकार आहे काय? मुळीच नाही. रक्त तपासून किंवा मेंदूची चित्रे काढून हे निदान होत नाही. डॉक्टर आईवडिलांशी आणि शिक्षकांशी बोलतात. लक्षणे निदान सहा महिने टिकून आहेत काय? ती बाराव्या वर्षाच्या आत सुरू झाली काय? घर आणि शाळा अशा किमान दोन ठिकाणी दिसतात काय? त्यांमुळे जगण्यात खरोखर अडथळा येतो काय? या प्रश्नांची उत्तरे पाहून निष्कर्ष काढला जातो.

‘केव्हापासून?’ हा प्रश्न महाड-पोलादपूरच्या शिक्षकांना विशेष उपयोगी आहे. जुलै २०२१ मध्ये महाड शहर पुराच्या पाण्यात बुडाले. २२ जुलैला महाड तालुक्यातील तळिये येथे दरड कोसळून ऐंशीहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. अशा संकटातून गेलेले मूलही आवाजाने दचकते, वर्गात हरवते, एकाएकी चिडते. वरून पाहता लक्षणे तीच, पण मूळ निराळे. हा भीतीचा आणि दुःखाचा घाव असतो आणि त्यावरचा उपायही वेगळा असतो. पाऊस सुरू झाल्यावरच एखादे मूल अस्वस्थ होत असेल, तर ते शिक्षकाने टिपून ठेवावे.

याशिवाय कमी ऐकू येणे, चष्म्याची गरज असणे, अपुरी झोप, रक्तक्षय अशा कारणांनीही लक्ष उडते. ती आधी तपासली पाहिजेत. आणखी एक मजेदार पण महत्त्वाची गोष्ट. कॅनडातील ब्रिटिश कोलंबिया प्रांतात नऊ लाखांहून अधिक मुलांच्या नोंदी तपासून २०१२ साली निष्कर्ष प्रसिद्ध झाले. तेथे शाळाप्रवेशाचे वय ३१ डिसेंबरला मोजतात. म्हणून डिसेंबरमध्ये जन्मलेली मुले वर्गात सर्वांत लहान असतात. जानेवारीत जन्मलेल्या मुलग्यांपेक्षा डिसेंबरमधील मुलग्यांत या विकाराचे निदान ३० टक्के अधिक झाले होते. म्हणजे काही मुले विकारग्रस्त नसून केवळ वयाने लहान होती!

औद्योगिक वसाहतीत राहणारे पालक विचारतात, ‘कारखान्यांमुळे हे होते काय?’ गावात कारखाने आहेत, एवढ्यावरून तसे अनुमान काढता येत नाही. मात्र शिसे हा धातू मुलांच्या मेंदूला अपाय करतो, हे सिद्ध झाले आहे. हर्बर्ट नीडलमन यांनी १९७९ साली बोस्टनजवळील मुलांचे पडलेले दुधाचे दात तपासले. ज्यांच्या दातांत शिसे अधिक, त्यांचे लक्ष लवकर उडते, असे शिक्षकांच्या नोंदींतून दिसले. दातांत काय सापडले हे त्या शिक्षकांना ठाऊक नव्हते. भारतात शिसेयुक्त पेट्रोल २००० साली बंद झाले. तरी जुन्या बॅटऱ्या फोडणे-वितळवणे आणि जुन्या रंगाचे पोपडे यांपासून मुलांना आजही दूरच ठेवले पाहिजे.

उपाय कोणते?

पहिला उपाय वर्गात आहे आणि त्याला पैसे लागत नाहीत. अशा मुलाला पुढच्या बाकावर, खिडकीपासून दूर बसवावे. वीस उदाहरणे एकदम न देता पाच-पाच द्यावीत. सूचना थोडक्यात आणि फळ्यावर लिहून द्यावी. खडू आणणे, वह्या वाटणे अशी उठण्याची कामे त्याला द्यावीत. चांगले केले तर त्याच क्षणी शाबासकी द्यावी. या मुलांना दूरच्या बक्षिसाचे मोल कळते, पण ते बक्षीस त्यांना बांधून ठेवू शकत नाही. मारामुळे ब्रेक बळकट होत नाही, मूल फक्त घाबरते. पालकांनाही या पद्धती शिकवल्या तर घर शांत होते.

काही मुलांना औषधाची गरज पडते. मेथिलफेनिडेट हे त्यांतील प्रमुख औषध. स्वित्झर्लंडमधील लिआंद्रो पानिझोन या रसायनशास्त्रज्ञाने १९४४ साली ते तयार केले. ते उत्तेजक आहे. मग मूल शांत कसे होते? कारण ते डोपामीन व नॉरॲड्रेनलीन यांचे प्रमाण वाढवून ब्रेकच्या यंत्रणेला बळ देते. भूक मंदावणे, झोप कमी होणे असे त्याचे दुष्परिणामही आहेत. म्हणून ते तज्ज्ञ डॉक्टरांच्या देखरेखीखालीच घ्यायचे असते.

शाळकरी मुलांच्या तपासणीसाठी ‘राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम’ फेब्रुवारी २०१३ मध्ये आपल्याच महाराष्ट्रात, पालघर येथून सुरू झाला. त्याच्या तपासणीच्या यादीत या विकाराचाही समावेश आहे. आरोग्यपथक शाळेत आले की शिक्षकांनी अशा मुलाविषयी जरूर बोलावे. मनाच्या आरोग्याविषयी सल्ला देणारी ‘टेलि-मानस’ ही शासकीय दूरध्वनी सेवा ऑक्टोबर २०२२ पासून सुरू आहे. तिचा क्रमांक १४४१६.

करून पहा

जे. रिडली स्ट्रूप याने १९३५ साली प्रसिद्ध केलेला प्रयोग रंगीत पेन्सिलींनी करता येतो. एका कागदावर ‘लाल, निळा, हिरवा, पिवळा’ हे शब्द उलटसुलट क्रमाने वीस वेळा त्या-त्या रंगात लिहा. दुसऱ्या कागदावर तेच शब्द भलत्या रंगात लिहा, म्हणजे ‘लाल’ हिरव्या पेन्सिलीने, ‘निळा’ पिवळ्या पेन्सिलीने. आता मित्राला शब्द न वाचता रंगांची नावे भरभर सांगायला लावा आणि घड्याळात वेळ मोजा. दुसऱ्या कागदाला वेळ जास्त लागेल. वाचण्याची ऊर्मी दाबताना मेंदूला पडणारे कष्ट त्या जादा सेकंदांत दिसतात.

हे कष्ट तुम्ही मिनिटभर सोसलेत. काही मुलांना ते शाळेची घंटा झाल्यापासून सुटेपर्यंत सोसावे लागतात. तेव्हा शेजारच्या बाकावरचा तो मुलगा पुन्हा मध्येच बोलला, तर एवढे आठवा. ज्याचे बोट वर गेले, त्यालाही म्हैस उडत नाही हे पक्के ठाऊक असते.