दुकान बंद झाले म्हणून गेम गेले असे नाही

निन्टेंडो थ्रीडीएस या हातात धरून खेळायच्या कन्सोलचे ऑनलाइन दुकान, म्हणजेच ई-शॉप, २७ मार्च २०२३ रोजी खरेदीसाठी बंद झाले. जून २०११ मध्ये सुरू झालेल्या या दुकानातून आता नवा गेम विकत घेता येत नाही आणि फुकटचा डेमोही उतरवता येत नाही. मात्र त्याआधी विकत घेतलेला गेम पुसून टाकला असेल किंवा मेमरी कार्ड खराब झाल्यामुळे गेला असेल, तर तो पुन्हा पैसे न भरता डाउनलोड करता येतो. विक्री थांबणे वेगळे आणि ग्राहकाने घेतलेला माल त्याला पुन्हा देणे थांबणे वेगळे. हा फरक लक्षात आला नाही की चांगला चालणारा कन्सोल मोडीत निघतो आणि त्याच्यासोबत पुन्हा कुठेच विकत न मिळणारे गेमही जातात.

गैरसमजाला दुकान बंद करण्याची पद्धतही कारणीभूत आहे. कंपनीने फेब्रुवारी २०२२ मध्ये घोषणा केली आणि मग एकेक सोय काढून घेतली. २३ मे २०२२ पासून क्रेडिट कार्ड चालेनासे झाले. २९ ऑगस्टपासून प्रीपेड कार्डाने खात्यात पैसे भरता येईनात. मार्च २०२३ मध्ये विक्री थांबली आणि आधी घेऊन ठेवलेले डाउनलोड कोड वापरायला ३ एप्रिलपर्यंत मुदत मिळाली. पुढे ८ एप्रिल २०२४ रोजी इंटरनेटवरून इतरांशी खेळण्याची सेवाही बंद झाली. दर वेळी ‘थ्रीडीएस बंद’ एवढेच लोकांच्या कानावर पडत असेल, तर सगळेच संपले असे वाटणे साहजिक आहे. प्रत्यक्षात यांतल्या एकाही टप्प्यात जुनी खरेदी पुन्हा डाउनलोड करण्याची सोय काढलेली नाही. विकत घेतलेला जादा भाग आणि गेममधल्या चुका दुरुस्त करणारे अपडेट यांनाही हेच लागू आहे.

ही सोय कन्सोलवर जरा आडबाजूला ठेवलेली असल्यामुळे ती नाहीच असे वाटू शकते. होम मेनूवरचे नारिंगी पिशवीचे चित्र उघडले की ई-शॉप सुरू होते. त्यातल्या मेनूत खाली ‘सेटिंग्ज/अदर’ हा पर्याय आहे आणि त्याच्या आत ‘रीडाउनलोडेबल सॉफ्टवेअर’. तिथे त्या कन्सोलवर आजवर घेतलेल्या गेमची यादी येते. एकेका नावावर जाऊन तो गेम पुन्हा उतरवायचा असतो. गेम उतरला म्हणजे त्याचा अपडेट आपोआप आला असे धरून चालू नये, कारण अपडेट हा वेगळा डाउनलोड असतो. कार्डावर जागा किती लागेल हे कन्सोल ‘ब्लॉक’ या मापात सांगतो आणि १ जीबी म्हणजे ८,१९२ ब्लॉक. पहिल्या थ्रीडीएससोबत अवघे २ जीबीचे कार्ड मिळत असे, त्यामुळे यादी मोठी असली तर आधी मोठ्या कार्डाची तजवीज करावी लागते. कंपनीची अधिकृत मर्यादा ३२ जीबीची आहे.

अनेकदा ई-शॉप उघडतच नाही आणि सर्व्हर बंद पडला असा निष्कर्ष काढला जातो. त्याआधी घरातला राउटर तपासावा. थ्रीडीएस फक्त २.४ गिगाहर्ट्झच्या वायफायला जोडला जातो, ५ गिगाहर्ट्झचे नेटवर्क त्याला दिसतही नाही. सुरक्षेच्या बाबतीत तो डब्ल्यूपीए-२ पर्यंतच जातो. नव्या राउटरवर केवळ डब्ल्यूपीए-३ लावलेले असेल, तर पासवर्ड अचूक टाकूनही जोडणी होत नाही. राउटरच्या सेटिंगमध्ये २.४ गिगाहर्ट्झचे वेगळे नेटवर्क चालू करून त्यावर डब्ल्यूपीए-२ ठेवले की बहुतेक वेळा काम होते. सोनीचा पीएसपी हा हातातला कन्सोल याहून जुना. त्याला डब्ल्यूपीए-२ सुद्धा चालत नाही.

दुसऱ्या टोकाचा समजही तितकाच चुकीचा आहे: एकदा पैसे भरले की गेम कायमचा मिळत राहणार. पुन्हा डाउनलोड करण्याची सोय नजीकच्या भविष्यात चालू राहील, एवढेच कंपनीने सांगितले आहे. शेवटची तारीख दिलेली नाही, पण अमर्याद काळाचे वचनही दिलेले नाही. याच कंपनीच्या डीएसआय या आधीच्या कन्सोलचे दुकान मार्च २०१७ अखेर, तर वी या घरगुती कन्सोलचे दुकान जानेवारी २०१९ अखेर खरेदीसाठी बंद झाले. दोन्हीकडे जुनी खरेदी मिळत राहिली. मग मार्च २०२२ मध्ये दोन्ही दुकाने अचानक उघडेनाशी झाली आणि काही महिन्यांनी, जुलैमध्ये, पुन्हा चालू झाली. त्या काळात कोणाचे कार्ड खराब झाले असते तर त्याला वाट पाहण्यावाचून इलाज नव्हता. म्हणून दुकान बंद झालेल्या कन्सोलच्या मालकाने यादीतले सगळे गेम आत्ताच कार्डावर उतरवून ठेवणे हेच शहाणपणाचे आहे. उतरवलेला गेम पुढे सर्व्हर बंद झाला तरी त्या कन्सोलवर चालतो.

विक्रीतून काढलेला गेम डाउनलोडमधूनही जातो का? याचे उत्तर गेमगणिक बदलते. निन्टेंडोने स्विच कन्सोलवरचा ‘सुपर मारिओ थ्रीडी ऑल-स्टार्स’ ३१ मार्च २०२१ रोजी विक्रीतून काढला, पण ज्यांनी तो घेतला होता त्यांना तो आजही पुन्हा उतरवता येतो. ‘सुपर मारिओ ब्रदर्स ३५’ त्याच दिवशी बंद झाला. तो सर्व्हरवर पस्तीस जणांनी एकत्र खेळायचा गेम असल्यामुळे त्याची फाइल हाती असूनही उपयोग नाही. हातातल्या कन्सोलपुरते बोलायचे, तर सर्वांत लक्षणीय उदाहरण थ्रीडीएसच्या पहिल्या ग्राहकांचे आहे. ऑगस्ट २०११ मध्ये निन्टेंडोने या कन्सोलची किंमत अमेरिकेत २४९.९९ डॉलरवरून १६९.९९ डॉलरवर आणली. त्याआधी पूर्ण किंमत मोजलेल्यांना भरपाई म्हणून वीस जुने गेम फुकट दिले. त्यांतले गेम बॉय अ‍ॅडव्हान्सचे दहा गेम थ्रीडीएसच्या दुकानात कधी विक्रीला आलेच नाहीत. ते आजही फक्त त्या ग्राहकांच्या यादीत आहेत. असा कन्सोल धूळ खात पडला असेल, तर त्याचे मोल मालकाला वाटते त्यापेक्षा जास्त आहे.

उलट उदाहरण प्लेस्टेशन ४ या घरगुती कन्सोलवरचे. कोनामी कंपनीने ऑगस्ट २०१४ मध्ये ‘पी.टी.’ हा छोटा भयगेम फुकट दिला आणि एप्रिल २०१५ अखेर काढून घेतला. त्यानंतर ज्यांनी तो आधी उतरवला होता त्यांनाही तो पुन्हा डाउनलोड करता येईना. ज्या कन्सोलच्या डिस्कवर तो राहिला, तिथेच तो उरला. यादीत नाव असणे ही हमी नव्हे, हे यावरून कळते.

सर्वांत जास्त नुकसान करणारा गैरसमज मेमरी कार्डाविषयी आहे. गेम कार्डावर साठवलेला असतो, म्हणून कार्ड दुसऱ्या कन्सोलमध्ये घातले की तिथे चालेल, असे गृहीत धरले जाते. थ्रीडीएस कार्डावरचा मजकूर स्वतःच्या किल्लीने कुलूपबंद करतो आणि ती किल्ली त्या एका कन्सोलच्या अंतर्गत मेमरीत असते. कार्ड संगणकात घातले तर ‘निन्टेंडो थ्रीडीएस’ नावाचे एक फोल्डर दिसते आणि त्याच्या आत अंक-अक्षरांच्या बत्तीस खुणांचे लांबलचक नाव असलेले दुसरे फोल्डर. ते नाव याच किल्लीशी जोडलेले आहे. दुसऱ्या कन्सोलला ते फोल्डर वाचता येत नाही, तो शेजारी स्वतःचे नवे फोल्डर तयार करतो. त्याच कन्सोलसाठी मात्र हे फोल्डर जसेच्या तसे संगणकावर कॉपी करून मोठ्या कार्डावर टाकता येते आणि सगळे गेम पुन्हा दिसू लागतात. महिन्यातून एकदा अशी प्रत काढणे ही फार साधी काळजी आहे. कन्सोल फॉरमॅट केला तर किल्ली बदलते आणि जुनी प्रत निरुपयोगी होते. गेम तेव्हाही यादीतून परत मिळतात, पण प्रतीतले बाकी काही परत येत नाही.

गेम घेण्याचा हक्क मग नेमका कुठे असतो? थ्रीडीएसच्या बाबतीत तो कन्सोल आणि त्याला जोडलेले निन्टेंडो नेटवर्क आयडी या दोन्हींच्या जोडीत असतो. हे आयडी डिसेंबर २०१३ मध्ये थ्रीडीएसवर आले आणि ते एका वेळी एकाच थ्रीडीएसला जोडता येते. फोनवर जसे नव्या यंत्रात लॉगिन केले की जुने अ‍ॅप येतात, तसे इथे होत नाही. खरेदी दुसऱ्या थ्रीडीएसवर न्यायची असेल तर ‘सिस्टिम ट्रान्सफर’ करावे लागते आणि त्यासाठी दोन्ही कन्सोल चालू अवस्थेत शेजारी-शेजारी असावे लागतात. जुना कन्सोल पाण्यात पडून बंद झाल्यावर नवा आणून आयडी टाकून भागत नाही. शिवाय थ्रीडीएस प्रांतानुसार कुलूपबंद आहे. अमेरिकेतल्या नातेवाइकाने आणलेल्या कन्सोलवरची खरेदी जपानमधून मागवलेल्या कन्सोलवर नेता येत नाही. म्हणून दुसरा कन्सोल घेताना आधी त्याचा प्रांत विचारावा.

सेकंडहँड कन्सोल घेणाऱ्यांनाही हे लागू आहे. आत दिसणारे गेम आपल्या नावावर आले असे समजू नये. विक्रेत्याने आयडी दुसरीकडे नेले किंवा कन्सोल फॉरमॅट केला की ते जातात. ई-शॉपच्या सेटिंगमधून खाते डिलीट करणे तर आणखी गंभीर. गेम पुसला तर तो परत मिळतो, पण खाते पुसले तर तो परत मिळवण्याचा हक्कच जातो.

पुन्हा डाउनलोड केल्यावर खेळातली प्रगतीही परत येईल, ही अपेक्षा सर्वाधिक निराशा करते. दुकानाच्या सर्व्हरवर गेम असतो, खेळाडूने शंभर तास घालवून गाठलेला टप्पा नसतो. कार्ट्रिजवरच्या गेमची प्रगती सहसा कार्ट्रिजमध्येच राहते, डाउनलोड केलेल्या गेमची मात्र मेमरी कार्डावर. गेम पुसताना थ्रीडीएस दोन पर्याय देतो: सगळे पुसणे, किंवा प्रगतीची प्रत ठेवून गेम पुसणे. घाईत पहिला निवडला की परतीची वाट नाही. पोकेमॉन मालिकेतल्या गेमना प्रत ठेवण्याची ही सोय मिळत नाही, म्हणून ते जागा करण्यासाठी पुसू नयेत. स्विचवर प्रगती क्लाउडवर ठेवता येते, पण त्यासाठी वर्गणी भरावी लागते. ‘पोकेमॉन सोर्ड’ आणि ‘शील्ड’ तिथेही अपवादच आहेत.

सोनीच्या हँडहेल्डबाबत गोंधळ वेगळा आहे. मार्च २०२१ मध्ये सोनीने प्लेस्टेशन ३, व्हिटा आणि पीएसपी या तिघांची दुकाने बंद करण्याचे जाहीर केले. ग्राहकांची नाराजी एवढी झाली की एप्रिलमध्ये पहिल्या दोघांचा निर्णय मागे घेतला गेला. पीएसपीवरची खरेदी जुलै २०२१ मध्ये थांबली. त्यामुळे व्हिटाचे दुकान बंद झाले असे मानणारे आणि पीएसपीचे चालू आहे असे मानणारे, दोघेही चुकतात. पीएसपीचे घेतलेले गेम प्लेस्टेशन ३ वर उतरवून यूएसबी केबलने पीएसपीत टाकता येतात आणि वायफायची अडचण असलेल्यांसाठी हाच खात्रीचा मार्ग आहे. एका खात्यावर दोनच हँडहेल्ड सक्रिय ठेवता येतात. विकून टाकलेले यंत्र निष्क्रिय केले नसेल तर ‘गेम चालत नाही’ असा संदेश येतो आणि दोष डाउनलोडला दिला जातो. दोन टप्प्यांची सुरक्षा चालू असलेल्या खात्यात या जुन्या यंत्रांवरून नेहमीचा पासवर्ड चालत नाही. संकेतस्थळावरून त्यांच्यासाठी वेगळा पासवर्ड काढावा लागतो.

या सगळ्याच्या मुळाशी ‘विकत घेतला’ या शब्दांचा अर्थ आहे. डिजिटल दुकानात गेमची मालकी मिळत नाही, तो ठरावीक अटींवर वापरण्याचा परवाना मिळतो. अमेरिकेतल्या कॅलिफोर्निया राज्याने २०२४ मध्ये केलेला आणि १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेला कायदा विक्रेत्याला हे खरेदीच्या वेळी स्पष्ट सांगायला लावतो. ग्राहक जी प्रत कायमची उतरवून इंटरनेटशिवाय वापरू शकतो, तिला मात्र कायद्यातून सूट आहे.

स्विचपासून निन्टेंडोने हक्क कन्सोलऐवजी निन्टेंडो अकाउंटला जोडला. नव्या कन्सोलवर लॉगिन केले की जुनी खरेदी दिसते आणि जुना कन्सोल हाताशी नसला तरी अडत नाही. थ्रीडीएसपेक्षा ही निश्चितच मोठी सुधारणा आहे. जून २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ सोबत मात्र एक नवा गैरसमज तयार होत आहे. त्याचे काही गेम ‘गेम-की कार्ड’ म्हणून विकले जातात. डबी, कार्ड, चित्र सगळे नेहमीसारखे असते, पण कार्डात पूर्ण गेम नसतो. पहिल्यांदा तो इंटरनेटवरून उतरवावा लागतो आणि नंतर खेळताना कार्डही आत घालावे लागते. अशा डबीवर समोरच्या बाजूलाच तशी सूचना छापलेली असते.