रक्तानें लिहिलेली पोथी

कुडाळ तालुक्यांत कर्ली नदीच्या आश्रयानें वसलेलें वालावल हें गांव ज्यांनीं एकदां पाहिलें असेल, त्यांच्या डोळ्यांपुढून लक्ष्मीनारायणाचें जुनें देऊळ व त्याला लागून असलेलें शांत तळें सहसा हलत नाहीं. या भागांत कार्तिकानंतर जत्रांचे दिवस सुरू झाले, कीं देवळांतून रात्रीं दशावताराचे खेळ उभे राहतात. पेटी, मृदंग व झांज यांचा गजर होतो, गणपति व सरस्वती येऊन जातात, ब्रह्मदेव येतो. आणि मग काळ्या पोशाखांतला संकासुर मंडपांत उडी घेतो. वेद चोरणारा दैत्य हाच. परंतु पोरासोरांचा लाडकाही हाच, कारण देवमंडळी पुस्तकी मराठींत बोलत असतां हा अस्सल मालवणींत सर्वांची टर उडवितो. शेवटीं विष्णूच्या हातून त्याचा वध होतो व वेद परत येतात.

वेद चोरले तरी कसे व लपविले कोठें, असा प्रश्न जत्रेला नेलेलीं मुलें हमखास विचारतात. वडील मंडळी हसतात. परंतु प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाहीं. ग्रंथ हरवतो कसा, याविषयीं आपल्या पूर्वजांनीं एक विलक्षण कथा रचून ठेविली आहे. ती घडते गोदातीरीं, प्रतिष्ठान म्हणजे आपलें पैठण येथें, सातवाहन राजाच्या दरबारीं. आणि तिचा विषय एक अद्भुत पोथी हाच आहे.

ही पोथी म्हणजे गुणाढ्याची बृहत्कथा. तिची जन्मकथा सोमदेवाच्या कथासरित्सागरांत आली आहे. शंकरांनीं पार्वतीस एकांतांत विद्याधरांच्या कथा सांगितल्या, त्या पुष्पदंत नांवाच्या गणानें चोरून ऐकल्या. पार्वतीनें त्याला, व त्याच्यासाठीं रदबदली करणाऱ्या माल्यवानालाही, मनुष्यजन्माचा शाप दिला. हा माल्यवान म्हणजेच पुढें सातवाहनाचा प्रधान झालेला गुणाढ्य. एके दिवशीं जलक्रीडा चालली असतां राणी 'मोदकैः' म्हणाली. 'मा' व 'उदकैः' यांचा तो संधि. पाणी उडवूं नका, असा तिचा अर्थ. राजानें मात्र मोदक आणविले! राणी हसली, राजा खजील झाला व त्यानें संस्कृत शिकण्याचा हट्ट धरला. गुणाढ्य म्हणाला, सहा वर्षें लागतील. शर्ववर्मा म्हणाला, सहा महिने पुरेत. तसें घडल्यास संस्कृत, प्राकृत व देशभाषा या तिन्ही सोडीन, अशी प्रतिज्ञा गुणाढ्यानें केली, आणि तो हरला.

बोलावयास भाषाच उरली नाहीं, तेव्हां तो विंध्यारण्यांत गेला. तेथें पिशाचांची बोली शिकून, काणभूति नांवाच्या पिशाचाकडून त्यानें त्या दिव्य कथा ऐकल्या व सात वर्षांत सात लक्ष श्लोक लिहिले. रानांत शाई नव्हती, आणि विद्याधर ग्रंथ पळवितील हें भयही होतें. म्हणून तो त्यानें स्वतःच्या रक्तानें लिहिला. शिष्यांनीं पोथी राजाकडे नेली. राजानें नाक मुरडलें. भाषा पिशाचांची, अक्षरें रक्ताचीं. असला ग्रंथ त्याला नको होता. मग गुणाढ्यानें अग्निकुंड पेटविलें. एकेक पान वाचावें व आगींत टाकावें, असा क्रम सुरू झाला. ऐकणारीं कोण? तर रानांतील जनावरें! चरणें विसरून, टिपें गाळीत तीं उभीं राहत. इकडे राजाच्या ताटांत रोडावलेल्या जनावरांचें मांस येऊं लागलें, तो आजारी पडला, आणि पारध्यांकडून कारण कळतांच धांवत आला. तोंवर सहा लक्ष श्लोकांची राख झाली होती. शिष्यांना आवडे म्हणून राखलेली नरवाहनदत्ताची कथा, एक लक्ष श्लोकांची, तेवढी वांचली.

ही झाली कथा. परंतु बृहत्कथा नांवाचा पैशाची ग्रंथ खरोखरीच होता. दंडीनें त्याचा उल्लेख केला आहे. आज तो मूळ स्वरूपांत कोठेंही उपलब्ध नाहीं. उरले ते त्याचे अवतार: अकराव्या शतकांतील काश्मीरांत क्षेमेंद्राची बृहत्कथामंजरी व सोमदेवाचा कथासरित्सागर, नेपाळांत सांपडलेला बुधस्वामीचा अपुरा श्लोकसंग्रह, प्राकृतांतील जैन वसुदेवहिंडी. सोमदेवाच्या ग्रंथांत १८ लंबक व सुमारें २१,५०० श्लोक आहेत. वेताळाच्या पंचवीस गोष्टीही त्यांतच आहेत. मुंबईच्या निर्णयसागर छापखान्यानें तो १८८९ सालीं छापला. कथा संस्कृतांत आल्या म्हणून टिकल्या. ज्या बोलींत त्या प्रथम सांगितल्या गेल्या, तिचा ग्रंथ मात्र गेला.

येथें आम्हांस पुन्हां संकासुराची आठवण होते. त्याचें बोलणें कोणत्याही पोथींत लिहिलेलें नसतें. दशावतारी नट आख्यान ठरवून घेतात व संवाद जागच्या जागीं रचतात. रात्र सरली, कीं तो ग्रंथही सरला. १९८० सालीं गंगाराम गवाणकरांचें 'वस्त्रहरण' रंगभूमीवर आलें, तेव्हां मालवणीला मुंबईच्या प्रेक्षकांनीं डोक्यावर घेतलें. परंतु नाटकगृहांत टाळ्या देणारे आपण घरांत काय करतों? मुलानें 'माका' म्हटलें, कीं 'मला म्हण' असें दटावतों. आजी गोष्ट सांगूं लागली, कीं तिची भाषा सुधारतों. सातवाहनानें याहून निराळें काय केलें? शुद्ध भाषा मुलांना आलीच पाहिजे, यांत वाद नाहीं. परंतु तिच्यासाठीं आजीचें तोंड बंद करण्याचें कारण नाहीं.

यास्तव एकत्र कुटुंबांतील वाचकांस आमची विनंति आहे. दिवेलागणीनंतर घरांतील थोरल्या माणसाला मुलांच्या मध्यें बसवावें. देवचाराच्या, तळ्याच्या, देवळाच्या ज्या गोष्टी त्यांना ठाऊक असतील, त्या त्यांच्याच बोलींत सांगूं द्याव्या, मध्यें शब्द दुरुस्त करूं नये. शाळेंत जाणाऱ्या मुलानें त्या वहींत जशाच्या तशा उतरवाव्या. मोबाइलवर आवाज धरून ठेवतां आला, तर उत्तमच. रक्ताची गरज नाहीं, साधी शाई पुरे. 'मगे काय झालां, गे आजये?' असें विचारणारें मूल घरांत आहे, तोंवर हें काम करून घ्यावें. सातवाहन राजा आला, परंतु उशिरा आला.