सहलीची बस आणि जंगलाचे फाटक

गड्ड्याची जत्रा संपली की सोलापुरातल्या बऱ्याच घरांत दक्षिणेच्या सहलीचा विषय निघतो. म्हैसूर, बंदिपूर, मुदुमलाई, उटी, मुन्नार. आठ-दहा दिवस, पुशबॅक सीटची बस, सोबत आचारी, दोन्ही वेळा गरम जेवण. आई-वडिलांना घेऊन जायचे असेल तर अशी सहल सोयीची पडते, कारण तिकीट, हॉटेल, जेवण कशाचीच धावपळ करावी लागत नाही. तरीही परतलेल्यांपैकी अनेकांची एकच तक्रार असते: जंगल काही दिसले नाही.

यात नशिबाचा भाग थोडा आणि समजुतीच्या घोटाळ्याचा जास्त असतो. सहलीची बस राष्ट्रीय उद्यानातून जाणाऱ्या डांबरी रस्त्यावरून निघून जाते, ती आतल्या वाटांवर शिरत नाही. आत नेते ती वनखात्याची किंवा त्यांनी परवानगी दिलेली गाडी, ठरलेल्या वेळी आणि वेगळ्या तिकिटावर. एवढे निघण्याआधी कळले तरी निम्मी निराशा टळते.

आधी एक शब्द समजून घेऊ. राष्ट्रीय उद्यान म्हणजे कायद्याने पूर्ण राखलेले जंगल. तिथे शिकार, शेती, गुरेचराई यांतले काहीच चालत नाही. अभयारण्यात थोडी मोकळीक असते. आपल्या मार्गावर कर्नाटकातले बंदिपूर, तमिळनाडूतले मुदुमलाई आणि केरळातले इरविकुलम अशी तीन राष्ट्रीय उद्याने येतात. पहिली दोन व्याघ्रप्रकल्पही आहेत. १९७३ साली देशात पहिले नऊ व्याघ्रप्रकल्प झाले, त्यांत बंदिपूर होते.

पहिली पायरी कार्यक्रमपत्रिका वाचण्याची. तिच्यात ‘बंदिपूर मार्गे उटी’ असे लिहिले असेल तर आपल्याला खिडकीतून झाडे दिसतील, बाकी काही नाही. ‘बंदिपूर दर्शन’ हा शब्द तर कसाही वळवता येतो. ‘सफारी’ असे स्पष्ट लिहिले असेल तरच पुढे विचारा: कोणत्या फाटकातून, कोणाच्या गाडीतून, किती वाजता, आणि तिकीट भाड्यात धरले आहे का? उत्तर कागदावर किंवा निदान व्हॉट्सअ‍ॅपवर लिहून घ्या. तोंडी ‘सगळं होतं हो’ यावर पैसे भरू नका.

दुसरी पायरी महिना ठरवण्याची. सोलापूरकरांची सर्वांत जास्त फसगत इथेच होते. जानेवारी जत्रेत जातो, मग फेब्रुवारीत निघू असे ठरते. पण इरविकुलम साधारण १ फेब्रुवारी ते ३१ मार्च पर्यटकांसाठी बंद असते. तो निलगिरी ताहर या डोंगरी बकऱ्यांच्या विण्याचा काळ असतो. मुन्नारला जाऊन चहाचे मळे बघायचे आणि ज्या प्राण्यासाठी ते उद्यान राखले त्याचे दारच बंद, असे होऊ नये.

एप्रिल-मेमध्ये सोलापूर तापलेले असते, म्हणून सगळ्यांनाच उटी आठवते. त्या गर्दीवर उपाय म्हणून मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशाने ७ मे २०२४पासून निलगिरी जिल्ह्यात बाहेरच्या गाड्यांना ई-पास लागू झाला. ई-पास म्हणजे गाडीची आधी संगणकावर करायची नोंदणी. २०२५च्या उन्हाळ्यात तर रोजच्या गाड्यांची संख्याही बांधून दिली होती, सोमवार ते शुक्रवार ६,००० आणि शनिवार-रविवारी ८,०००. आपल्या बसचा पास कंपनीने काढायचा असतो. निघण्याआधी तो पाहायला मागा, त्यात संकोच नको.

पावसाळ्यात जाऊ नये, असे माझे स्पष्ट मत आहे. ऑगस्ट २०२०मध्ये इरविकुलमच्या कडेला पेट्टिमुडी येथे दरड कोसळली आणि चहामळ्यातल्या कामगारांच्या वस्तीतली साठाहून जास्त माणसे गेली. स्वस्त मिळते म्हणून जुलैतली सहल घेणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावे. डिसेंबर आणि जानेवारीचे पहिले दोन-तीन आठवडे मला सर्वांत चांगले वाटतात.

तिसरी पायरी बसची. सोलापूर ते म्हैसूर हे अंतर साडेसहाशे किलोमीटरहून जास्त आहे. बस थेट सोलापुरातून निघणार असेल तर दोन चालक आहेत का, हे विचारा. रात्रभर गाडी हाकलेल्या माणसाच्या हाती दुसऱ्या दिवशी घाट देऊ नये. काही कंपन्या म्हैसूरपर्यंत रेल्वेने नेतात आणि तिथून बस घेतात. गुडघेदुखी असलेल्यांना ते बरे पडते. बसकडे अखिल भारतीय पर्यटक परवाना हवा, म्हणजे राज्य बदलताना नाक्यावर खोळंबा होत नाही.

सीटचे भांडण पहिल्याच दिवशी होते. चांगल्या कंपन्या रोज सीट फिरवतात, म्हणजे मागच्या ओळीतले दुसऱ्या दिवशी पुढे येतात. हे ठरले नसेल तर पैसे भरताना ठरवून घ्या. ज्यांना गाडी लागते त्यांनी मात्र घाटाच्या दिवशी पुढची किंवा मधली सीट आधीच मागून ठेवावी. मागच्या चाकाच्या पलीकडे बसचा हेलकावा सर्वांत जास्त जाणवतो.

गाडी लागण्याचे कारण साधे आहे. कानातला तोल सांभाळणारा भाग सांगतो की आपण हलतोय, आणि मोबाइलवर खिळलेले डोळे सांगतात की आपण स्थिर आहोत. दोघांचे जमत नाही म्हणून मळमळते. म्हणून नजर लांब रस्त्यावर ठेवावी. पोट रिकामे नको आणि तुडुंबही नको. डॉक्टरांनी दिलेली गोळी घाट सुरू होण्याच्या अर्धा-पाऊण तास आधी घ्यावी. पहिली उलटी झाल्यावर घेतलेली गोळी पोटात टिकत नाही.

सामान भरताना दोन गोष्टी ध्यानात घ्या. पहिली थंडी. उंची हजार मीटरने वाढली की हवा साधारण सहा अंशांनी गार होते. सोलापूर समुद्रसपाटीपासून पाचशे मीटरच्या आत, उटी सव्वादोन हजार मीटरच्या आसपास. म्हणजे आपण दहा-अकरा अंश थंडीत चढून जाणार. डिसेंबर-जानेवारीत उटीच्या गवतावर पहाटे हिम धरते. आपली सोलापुरी चादर बसमध्ये पांघरायला उत्तम, पण पहाटे बाहेर पडताना स्वेटर आणि कानटोपी लागतेच.

दुसरी गोष्ट प्लास्टिकची. निलगिरी जिल्ह्यात एकदा वापरून टाकायचे प्लास्टिक आणि पाण्याच्या छोट्या बाटल्या यांवर बंदी आहे. नाक्यावर गाडी तपासतात, दंडही करतात. आपल्याकडे शेंगा चटणी, कडक भाकरी, चिवडा सगळे पिशव्यांत बांधून घ्यायची सवय. आमच्या गाडीत एका आजींनी प्रत्येक पदार्थ स्टीलच्या डब्यात भरून झाकणाला सुती फडके बांधून आणले होते. नाक्यावर बाकीच्यांच्या पिशव्या रिकाम्या होत होत्या तेव्हा त्या शांतपणे डबे मांडीवर घेऊन बसल्या होत्या. तसेच करावे. पाण्याला स्टीलची बाटली घ्या. मूळ आधारकार्ड वरच्या कप्प्यात ठेवा, सफारीच्या वेळी ओळखपत्र मागतात.

आता प्रत्यक्ष जंगल. म्हैसूरहून नंजनगूड आणि गुंडलुपेट करत बस बंदिपूरला जाते, एकूण ८० किलोमीटरच्या आसपास. गुंडलुपेट हे जंगलाआधीचे शेवटचे मोठे गाव. स्वच्छतागृह, चहा, औषध जे काही हवे ते तिथेच उरकून घ्या. पुढे जंगलात बस थांबवता येत नाही.

बंदिपूरमधून जाणारे महामार्ग २००९पासून रात्री ९ ते सकाळी ६ बंद असतात. भरधाव गाड्यांखाली हरणे, बिबटे, हत्ती मरत होते म्हणून हा निर्णय झाला. ठरावीक सरकारी बस आणि रुग्णवाहिका सोडल्या तर फाटक कोणासाठी उघडत नाही. एका सहलीत आमच्या व्यवस्थापकांनी म्हैसूरच्या खरेदीला एक तास जादा दिला, वाटेत जेवण लांबले, आणि आम्ही फाटकाशी पोहोचलो तेव्हा ९ वाजून १० मिनिटे झाली होती. पहारेकऱ्याने हात जोडून नकार दिला. ती रात्र गुंडलुपेटला मिळेल त्या खोल्यांत गेली आणि सकाळची सफारी हुकली. चूक पहारेकऱ्याची नव्हती. म्हैसूरला साड्यांच्या दुकानात घड्याळ बघायची जबाबदारी आपलीही असते.

सफारी सकाळी लवकर आणि दुपारनंतर, अशा दोन वेळांना असते, कारण उन्हात जनावरे सावलीत बसतात. दुपारी बारा वाजता बंदिपूरला पोहोचून लगेच पुढे निघणारी कार्यक्रमपत्रिका म्हणजे सफारी नाही, असेच समजा. चितळ, गवे, हत्ती, मोर बहुधा दिसतात. वाघाची खात्री कोणी देत असेल तर विश्वास ठेवू नका. नान्नजच्या माळावर काळविटांची वाट बघत ज्यांनी सकाळ घालवली आहे, त्यांना हे समजावे लागत नाही. आवाज नको, भडक कपडे नकोत, आणि शेंगदाणे माकडांना अजिबात टाकू नका.

सफारी अचानक बंदही होऊ शकते. नोव्हेंबर २०२५मध्ये वाघाच्या हल्ल्यांत माणसे दगावल्यावर कर्नाटक सरकारने बंदिपूर आणि नागरहोळेतली सफारी थांबवली होती. म्हणून निघण्याच्या आठवड्यात कंपनीला एकदा विचारा की सफारी चालू आहे ना, आणि बंद असेल तर त्या तिकिटाचे पैसे परत मिळणार का.

बंदिपूर संपते तिथे मुदुमलाई सुरू होते. जंगल तेच, राज्य बदलते. इथे तेप्पकाडूला हत्तींचा तळ आहे. २०२३ साली ऑस्कर मिळालेल्या ‘द एलिफंट व्हिस्परर्स’ या माहितीपटातले बोम्मन आणि बेळ्ळी हे जोडपे याच तळावरचे. हत्तींना खाऊ घालण्याच्या वेळा ठरलेल्या असतात, त्याच वेळी गेले तर बघण्यासारखे आहे. नाचणी शिजवून तिचे विटेएवढे गोळे करतात आणि माहूत एकेक गोळा थेट हत्तीच्या तोंडात ठेवतो. बाजरीची भाकरी थापणाऱ्या आपल्या बायका ते फार कौतुकाने बघतात.

या टप्प्यावर रस्त्यात हत्ती दिसला की बसभर आरडाओरड होते, ‘थांबवा, थांबवा’. चालकाला थांबायला लावू नका. जंगलातल्या रस्त्यावर थांबणे, खाली उतरणे हा गुन्हा आहे. दंड चालकाला बसतो आणि जीव आपला जातो.

इथून उटीला चढायचे दोन रस्ते आहेत. मसिनगुडीवरून कल्लहट्टी घाट जवळचा, पण त्यात ३६ हेअरपिन वळणे आहेत, म्हणजे केसांच्या पिनेसारखी जागच्या जागी उलटी फिरणारी. चढही फार उभा आहे. मोठी बस तिथून नेत नाहीत, ती गुडलूरवरून लांबच्या रस्त्याने जाते. जाहिरातीत ३६ वळणांचा फोटो असला तरी गुडलूरचा रस्ता मिळाला म्हणून व्यवस्थापकांशी वाद घालू नये. उतरताना चालक गाडी खालच्या गिअरमध्ये ठेवतो, इंजिन घोंघावते आणि बस रेंगाळते, ते बरोबरच असते. सतत ब्रेक दाबला तर तो तापून निकामी होतो. अशा वेळी ‘जरा जोरात घ्या’ म्हणू नका.

उटीबद्दल फार सांगत नाही, तिथे बाग, तलाव आणि २,६३७ मीटर उंचीचे दोड्डबेट्टा सगळेच दाखवतात. फक्त छोट्या रेल्वेचे विचारून घ्या. मेट्टुपालयम ते उटी हा ४६ किलोमीटरचा मार्ग १९०८ साली पूर्ण झाला आणि २००५ पासून जागतिक वारसा आहे. दातेरी रुळाचा अवघड चढ खालच्या कल्लार ते कुन्नूर भागात आहे. बहुतेक सहली फक्त उटी-कुन्नूर दाखवतात, तिथे दातेरी रूळ नाही.

उटी ते मुन्नार हा सर्वांत थकवणारा दिवस. निलगिरी उतरून कोईमतूरच्या उकाड्यात यायचे, पोल्लाची, उडुमलपेट करत पुन्हा अनैमलाई चढायचे. या रस्त्यावरही वनखात्याची नाकी आहेत, अंधार पडण्याआधी ती पार करायची असतात, म्हणून पहाटे निघणे भाग आहे. वाटेत चिन्नार अभयारण्य लागते आणि तिथे सोलापूरकराला एकदम ओळखीचे वाटते: काटेरी झुडपे, कोरडा वारा, तापलेले खडक. सह्याद्री ढग अडवतो म्हणून सोलापूर कोरडे, तसेच अनैमलाईने ढग अडवले म्हणून चिन्नार कोरडे. त्याच झाडीत राखाडी शेकरू राहते. झोपेत हा टप्पा घालवू नका.

शेवटची पायरी इरविकुलमची. उद्यान ९७ चौरस किलोमीटरचे, १९७८ साली जाहीर झालेले. हिमालयाच्या दक्षिणेतले सर्वांत उंच शिखर अनैमुडी, २,६९५ मीटर, इथेच आहे. आपली बस खाली फाटकाशी थांबते. तिथून वनखात्याच्या छोट्या बसने राजमलाला जायचे आणि पुढे डांबरी वाटेने चढत चालायचे. तिकीट आधी काढले नसेल तर सुट्टीच्या दिवशी रांगेतच दोन-तीन तास जातात. कंपनीने काढले आहे का, हे आदल्या रात्री विचारा. चाल सोपी असली तरी दम्याच्या आणि हृदयविकाराच्या रुग्णांनी सावकाश चालावे.

ताहर शोधावे लागत नाहीत, कधी कधी ते वाटेवरच उभे असतात. पूर्ण वाढलेल्या गडद नराच्या पाठीवर खोगिरासारखा पांढुरका पट्टा असतो, मादी करडी आणि लहान. इतके जवळ असूनही हात लावायचा नाही, खाऊ द्यायचा नाही, सेल्फीसाठी पिल्लू आणि आई यांच्यामध्ये शिरायचे नाही.

याच उतारांवर बारा वर्षांतून एकदा नीलकुरिंजी फुलते. २०१८चा बहर केरळच्या महापुरात सापडला आणि अनेकांचे बेत राहून गेले. पुढचा बहर २०३० साली आहे.